इंडिकेटर कुणाला द्यायचा?

दाजींची नवी गाडी जेऊरला दारात येऊन उभी राहिली. आक्का तिला ओवाळत होती, पोरं बॉनेटला टेकून फोटो काढून घेत होती, आणि दाजी आत बसून स्टेअरिंगवरची बटणं मोजत होते. दोनदा मोजून झाल्यावर काच खाली करून त्यांनी मला हाक मारली, "मास्तर, अठरा हायती!"

ही तक्रार होती की कौतुक, ते आवाजावरून कळेना. दाजींचा स्टेअरिंगशी संबंध चाळीस वर्षांचा. आधी ट्रॅक्टर. त्याच्या स्टेअरिंगला एक मूठ बसवलेली होती, ती धरून एका हातानं गरागरा फिरवायचं आणि दुसऱ्या हातानं तंबाखू मळायची. मग एक जुनी जीप आली. तिच्या स्टेअरिंगच्या मधोमध हॉर्न होता आणि तो मनात आलं तर वाजायचा. मग एक छोटी मोटार. या तिन्ही वाहनांत स्टेअरिंगला कामं दोनच, वळायचं आणि ओरडायचं. तिसरं काम दाजींनी त्याला कधी सांगितलं नाही आणि त्यानंही दाजींना कधी उलटून काही सांगितलं नाही.

पण उजनीच्या पाण्यानं माणसाला कुठून कुठं नेलं आहे बघा. १९८० साली धरण झालं, ११७ टीएमसीचा यशवंतसागर पसरला, आणि करमाळा तालुक्याच्या या कडेला आधी ऊस आला, मग केळी. कंदर भागातली केळी आता कंटेनरात बसून आखाती देशांत जातात. दाजींच्या केळीला लागोपाठ दोन वर्षं दर गावला आणि भाच्यानं पुण्यात बसून परस्पर गाडी ठरवून टाकली. शोरूममधला पोरगा पाऊण तास समजावून सांगत होता म्हणे. त्यातला एकच शब्द दाजींच्या लक्षात राहिला, तो म्हणजे 'एडास'. मला सांगताना त्याचं 'येडंस' झालेलं होतं. "गाडीत येडंस बसवलंय," असं दाजी गावभर सांगत होते आणि गाव त्यांच्याकडं बघून मान डोलावत होतं.

एडास म्हणजे गाडी चालवणाऱ्याला मदत करणाऱ्या यंत्रणांचा जथा. पुढच्या काचेमागं आरशाजवळ एक कॅमेरा असतो, पुढं जाळीत किंवा बंपरमागं रडार. आपल्याकडं २०२० च्या सुमाराला मोठ्या किमतीच्या गाड्यांत हे दिसायला लागलं. २०२१ ला चाकणमध्ये बनणारी महिंद्राची एक्सयूव्ही सातशे आली आणि मग रडार हा शब्द विमानतळावरून उतरून बांधावर आला. दाजींची गाडी कोणत्या कंपनीची ते सांगत नाही. दाजींचं तिच्याशी अजून पूर्ण जुळलेलं नाही, उगाच तिसऱ्यानं मध्ये कशाला पडा.

पहिला खटका ओवाळणीनंतर दहा मिनिटांत उडाला. आक्कानं प्रथेप्रमाणं पुढच्या जाळीला लिंबू-मिरची बांधली होती. लिंबूही जरा दांडगंच होतं. दाजींनी गाडी सुरू केली, देवळापर्यंत नेली, आणि समोरच्या पडद्यावर पिवळी अक्षरं आली. मी इंग्रजीचा मास्तर असल्यानं वाचायचं काम माझ्याकडं. लिहिलं होतं की पुढचा रडार झाकला गेला आहे, साफ करा.

"म्हंजी?"

"म्हणजे गाडीला लिंबू दिसतंय."

दाजी गंभीर झाले. इतकी वर्षं दृष्ट लागू नये म्हणून लिंबू बांधलं, आणि आता लिंबामुळंच दृष्टी जाते म्हटल्यावर माणसानं करायचं काय? शेवटी तोडगा आक्कानं काढला. लिंबू जाळीवरून काढून मागच्या बंपरला बांधलं. मागं रिव्हर्सचे सेन्सर होते, ते टूं टूं करायला लागले. मग ते नंबरप्लेटच्या कडेला एका कोपऱ्यात गेलं आणि तिथं शांतता झाली. या प्रकरणाचा एक परिणाम मात्र राहिला. स्टेअरिंगवर डावीकडं एक बटण होतं, त्यावर इंग्रजीत तीन अक्षरं होती, त्यांचा उच्चार 'लिम'. दाजींनी ताबडतोब ओळखलं की हे लिंबाचं बटण. ते खरं तर वेगाची मर्यादा बांधून घ्यायचं बटण, लिमिटचं. पण मी ते समजावून सांगेपर्यंत शेजारच्या चौघांना 'लिंबू बंद करायचं बटण' म्हणून दाखवून झालं होतं.

आता त्या सगळ्यांत महत्त्वाच्या बटणाकडं येतो.

स्टेअरिंगच्या एका बाजूला क्रूझ कंट्रोलचा संसार असतो. एक बटण चालू-बंदचं. एक दुहेरी, वर आणि खाली दाबायचं. खालच्या टोकाला 'सेट' आणि वजा, वरच्या टोकाला इंग्रजी आर, ई, एस आणि अधिक. शेजारी 'कॅन्सल'. आणखी एक, त्यावर मोटारीचं चित्र आणि तिच्या मागं तीन-चार आडव्या रेघा. रीतसर सांगायचं तर असं, की गाडी एका वेगाला आली की 'सेट' दाबायचं आणि पाय काढून घ्यायचा. गाडी तो वेग धरून ठेवते. ब्रेकला पाय लागला की सोडून देते.

हे दाजींना मी विहिरीवरच्या जुन्या इंजिनाचा दाखला देऊन सांगितलं आणि ते एका वाक्यात समजलं, याचा मला आजही अभिमान आहे. डिझेल इंजिनाला गव्हर्नर असायचा. फिरणारी दोन वजनं. लोड आला, इंजिन मंदावलं, की वजनं आत येणार आणि डिझेल जास्त सुटणार. लोड गेला, इंजिन पळायला लागलं, की वजनं बाहेर फेकली जाणार आणि डिझेल कमी. जेम्स वॉटनं १७८८ ला वाफेच्या इंजिनावर हेच केलं होतं. चढ लागला की गाडीला लोड आला, उतार लागला की लोड गेला. "आसं व्हय! गव्हर्नर बसवलाय म्हना की," दाजी म्हणाले. शोरूमवाल्याचा पाऊण तास एका शब्दात आटोपला.

पण आर, ई, एस? त्याचा उच्चार दाजींनी 'रेस' असा केला, आणि यात त्यांची काहीही चूक नाही. गॅरेजमध्ये उभं राहून बघा, मिस्त्री ओरडत असतो, "रेस दे, आजून रेस दे!" रेस म्हणजे ॲक्सिलरेटर, हे अख्ख्या महाराष्ट्रानं मान्य केलेलं आहे. शिवाय पुढं अधिकचं चिन्ह. रेस वाढवा, असं त्या बटणावर स्वच्छ लिहिलेलं असताना तिथं 'रिझ्यूम' कोण वाचणार? आणि घात असा, की ते दाबल्यावर गाडी खरोखरच रेस घेते. चुकीच्या समजुतीला इतका भक्कम पुरावा क्वचितच मिळतो.

पुण्याला निघालो तेव्हाची गोष्ट. टेंभुर्णीला हायवेला लागलो, भीमानगरचा पूल ओलांडला, उजव्या हाताला उजनीची भिंत दिसली. दाजींनी ९० ला 'सेट' केलं आणि दोन्ही पाय जवळजवळ मांडी घालण्याच्या बेतात आणले. चौपदरीला मोटारीसाठी केंद्रानं २०१८ ला ठरवलेली कमाल मर्यादा १००, त्यामुळं कायद्याचंही काही म्हणणं नव्हतं. सरडेवाडीच्या टोलनाक्यावर ब्रेक लागला, क्रूझ सुटलं. नाका पार झाला. पुढं सगळ्या खिडक्यांतून सुटलेल्या गाड्या एकमेकींत घुसत होत्या, एक शेंगदाणेवाला मधोमध चालला होता. गाडी चाळिशीला आली होती. दाजींना थोडासा वेग हवा होता, पन्नासएक. त्यांनी अंगठ्यानं हलकेच 'रेस' दाबलं.

गाडीला ९० आठवत होते. ती ते गाठायला निघाली. मी दरवाजाचं हँडल धरलं, शेंगदाणेवाल्यानं पुड्या छातीशी धरल्या, दाजींनी "हो, हो, हो!" असं जे केलं ते बैलाला करतात तेच होतं. मग ब्रेक. मागच्यानं हॉर्न. शेंगदाणेवाल्यानं काचेपाशी येऊन आमच्या घराण्याची विचारपूस केली.

गाडी कडेला घेतल्यावर मी माझी इंग्रजी पाजळायला लागलो. रिझ्यूम, पूर्ववत, पुनश्च, वगैरे. दाजींच्या चेहऱ्यावर काही उमटेना. मागच्या सीटवरून आक्का म्हणाली, "आवं, आपली धुण्याची मशीन न्हाय का? मधीच लाईट जाती, परत आली की जितनं थांबली तितनंच फुडं चालू हुती. ही बी तसंच. तुमी मगाशी नव्वद सांगितलं हुतं, ती इसरली न्हाय."

आठ तास थ्री फेज आणि बाकीचा वेळ नशीब, असं ज्या बाईनं आयुष्य काढलं तिला 'रिझ्यूम' शिकवायला मी कोण! तेव्हापासून त्या बटणाचं आमच्या घरातलं नाव 'लाईट आली' असं आहे.

या क्रूझ कंट्रोलचा जनक राल्फ टीटर नावाचा अमेरिकन इंजिनिअर. वयाच्या पाचव्या वर्षी त्याची दृष्टी गेली होती. ज्याला पुढचा रस्ता दिसत नव्हता त्यानं गाडीचा वेग धरून ठेवायचं यंत्र काढलं, १९५० ला त्याचं पेटंट मिळालं आणि १९५८ ला क्रायसलरनं ते पहिल्यांदा गाड्यांत बसवलं. गोष्ट अशी सांगतात की त्याचा वकील त्याला गाडीतून न्यायचा, आणि हा वकील बोलायला लागला की गाडी मंदावायची, ऐकायला लागला की पळायची. बाजूला बसलेल्या आंधळ्या माणसाला ते धक्के सोसवेनात. ही गोष्ट मी वाचली तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं, कारण दाजींच्या शेजारी मी वीस वर्षं बसतो आहे. साखर कारखान्याच्या निवडणुकीवर ते बोलायला लागले की गाडी पन्नासवर येते आणि मागून ट्रकवाले शिव्या देत जातात. मी बोलायला लागलो की काटा शंभराकडं सरकतो. लवकर पोचावं, असं त्यांना वाटत असणार.

तर क्रूझचं जमलं. भांडण लागलं ते पट्ट्यावरून.

गाडी आल्यापासून पंधरा दिवसांत दाजी म्हणायला लागले, स्टेअरिंग वढतंय. म्हणजे गाडी एका बाजूला खेचते. टेंभुर्णीला टायरवाल्याकडं जाऊन अलाइनमेंट करून आले. तरी ओढतंच. पुन्हा गेले. त्या पोरानं मशीनवरचा कागद दाखवला, सगळे काटे बरोबर. "काका, गाडी सुतात हाय." दाजींना तो पोरगा लबाड वाटला. त्यांनी बॅलन्सिंगही करून घेतलं, नायट्रोजनही भरून घेतला, आणि स्टेअरिंग ओढतंच राहिलं. विशेष म्हणजे गावात ओढायचं नाही. हायवेला साठच्या पुढं गेलं की ओढायचं. तेही लेन बदलतानाच.

भाचा गावी आला तेव्हा त्यानं शेजारी बसून दहा किलोमीटरांत निदान केलं.

"दाजी, इंडिकेटर द्या."

"कुनाला? मागं कुत्रंबी न्हाय."

"गाडीला द्या."

दाजींनी गाडी बाजूला घेतली. इतक्या मोठ्या गोष्टी चालत्या गाडीत ऐकायच्या नसतात.

भाच्यानं सांगितलं ते असं. कॅमेरा पांढरे पट्टे बघत असतो. इंडिकेटर न देता तुम्ही पट्टा ओलांडायला लागलात, की गाडीला वाटतं मालकाला डुलकी लागली. ती स्टेअरिंग हळूच परत आत वळवते. इंडिकेटर दिला, की तिला कळतं मालक जागा आहे आणि मुद्दाम चालला आहे, मग ती मध्ये पडत नाही. थोडक्यात, गेले पंधरा दिवस दाजी प्रत्येक ओव्हरटेकला गाडीशी पंजा लढवत होते, आणि गाडी प्रत्येक वेळी त्यांना झोपेतला माणूस समजून कडेला निजवू बघत होती.

दाजींचा प्रश्न मात्र मला अजून सोडवता येत नाही. इंडिकेटर हा आपण दुसऱ्याला देतो, तोही दुसरा समोर दिसला आणि मन झालं तर. इकडं तर ट्रकचा उजवा इंडिकेटर म्हणजे 'मी वळतोय' की 'तू जा', हे ओळखण्यावर माणसाचं आयुष्य उभं असतं. आणि आता स्वतःच्याच गाडीला, स्वतःच्याच पैशाच्या, स्वतःच आतून सांगायचं, की बाई, मी उजवीकडं निघालोय. "घरात बायकूला सांगून निघत न्हाय, आन हिला सांगायचं," दाजी म्हणाले. मागून आक्का म्हणाली, "ती बरं करती. मला बी तसं वढता आलं आसतं तर."

त्या मोटारीच्या चित्रामागच्या रेघा म्हणजे पुढच्या गाडीपासून राखायचं अंतर. रेघा जास्त, अंतर जास्त. दाजींनी भाच्याचं ऐकून सगळ्या रेघा लावल्या. आपल्या हायवेला पुढं एवढी मोकळी जागा सोडली, तर लोकांना ते आमंत्रण वाटतं. एक टेम्पो आत आला. गाडीनं आपोआप वेग कमी करून पुन्हा अंतर सोडलं. त्यात एसटी आली. पुन्हा अंतर. त्यात ट्रिपल सीट मोटारसायकल. गाडी बिचारी प्रत्येकाला वाट देत मागं मागं सरकत होती. दाजींनी रेघा कमी करत करत एकीवर आणल्या, मग तीही काढता येईना म्हणून वैतागले.

गंमत सोडून एक गोष्ट सांगतो. गळीत हंगामात अंधार पडला की दाजी हे सगळं बंद करतात, आणि मला ते पटतं. डबल ट्रॉलीचा ट्रॅक्टर, मागं लाल दिवा नाही, उसाची वाढी बाहेर लोंबकळतायत. त्यातली एखादी ट्रॉली टायर फुटून रस्त्यातच उभी. जवळ दोन दगड आणि एक बाभळीची फांदी टाकलेली. ती फांदी बघून इकडचं शेंबडं पोरगंही सांगेल की पुढं काहीतरी मोडून पडलं आहे. वेगाच्या पाट्या वाचणाऱ्या कॅमेऱ्याला मात्र फांदी वाचता येत नाही. आणि भरधाव वेगात रस्त्यात थांबलेली वस्तू ओळखण्यात या यंत्रणा कमी पडू शकतात, हे त्यांच्या पुस्तकातच छापलेलं असतं. ते पुस्तक दाजींच्या गाडीत कप्प्यात, विठ्ठलाच्या फोटोखाली, प्लास्टिकसकट आहे.

पुस्तकात आणखी एक कलम आहे. गाड्यांच्या स्वयंचलितपणाच्या पायऱ्या शून्यापासून पाचपर्यंत मोजतात. आपल्याकडं मिळतात त्या बहुतेक दुसऱ्या पायरीच्या. म्हणजे वेगही गाडी सांभाळणार, स्टेअरिंगलाही हात लावणार, पण काही झालं तर जबाबदारी तुमची. ग्रामपंचायतीत ज्यांनी सही केली आहे त्यांना ही व्यवस्था नव्यानं समजावून सांगावी लागत नाही.

म्हणूनच स्टेअरिंगवरचे हात काढले की गाडी ओरडते. दाजींनी दोन्ही हातांनी पेरू फोडायला घेतला होता, तेव्हा आधी चित्र आलं, मग टिंगटिंग, मग मोठ्यानं टिंगटिंग. कुर्डुवाडीचे एक मामा त्या दिवशी गाडीत होते, रेल्वेचे निवृत्त ड्रायव्हर. त्यांनी डोळे मिटूनच सांगितलं, "हे आमच्या इंजिनात कधीचं आहे. मिनिटभर कशाला हात लागला नाही की दिवा लागतो, मग बझर, तरी गप्प बसलात तर ब्रेक. जेऊर ते कुर्डुवाडी काय कमी वेळा दाबलंय ते!" मग थोडं थांबून म्हणाले, "पण तुमच्यासारखा पट्ट्याचा ताप नव्हता. अख्खी नोकरी झाली, स्टेअरिंग कधी हातात धरलं नाही."

गाडीचं आणि दाजींचं पूर्ण एकमत आहे ते एकाच बाबतीत. बराच वेळ चालवलं, किंवा स्टेअरिंग जरा ढिलं हलायला लागलं, की पडद्यावर कपाचं चित्र येतं. कंपनीच्या मनात कॉफी असावी. दाजी त्याला चहा समजतात आणि ते आलं की पहिल्या टपरीला गाडी लावतात. आता तर भिगवण जवळ आलं की ते मुद्दाम स्टेअरिंग थोडं डगमगवतात, असा मला संशय आहे.

परवा सकाळी मी मोटारसायकलवरून स्टेशनकडं निघालो होतो. पुढं दाजी ट्रॅक्टरवर, मागं मोकळी ट्रॉली. वस्तीचं वळण आलं. ट्रॅक्टरचे इंडिकेटर फुटून जमाना झाला. दाजींचा हात स्टेअरिंगच्या बाजूला गेला, दांडी चाचपडली. तिथं काही नव्हतं. क्षणभर घुटमळून त्यांनी उजवा हात बाहेर काढला आणि सरळ, कायद्याच्या पुस्तकात असतो तसा, आडवा धरला.

चाळीस वर्षांत पहिल्यांदा. मला वाटलं मला थांबवतायत, म्हणून मी थांबलो. माझ्या मागचा दूधवाला थांबला. समोरून येणारी शाळेची रिक्षा थांबली. रिक्षावाल्यानं डोकं बाहेर काढून विचारलं, "काय झालं वो दाजी? कोन गेलं का?"